डॉक्टरांचं भेव

धानाची मळणी चालू असताना एक दाणा उडून कुंदाबाईच्या डाव्या डोळ्यात गेला. दवनीवाड्यात एवढ्यासाठी कोणी दवाखाना गाठत नाही. तिने पाणी मारलं, पदराचा बोळा फुंकून डोळा शेकला आणि पुन्हा कामाला लागली. आठवडाभराने बुबुळावर पांढरा डाग दिसू लागला, डोकं ठणकू लागलं, तेव्हा तिचा नवरा देवचंद तिला घेऊन गोंदियाला आला. सोबत बारावीतली मुलगी डिंपल.

डोळ्यांचे डॉक्टर तामिळनाडूकडचे, नवेच आलेले. मराठी येत नव्हती, हिंदीत अडखळत होते. डिंपलला इंग्रजी कळतं म्हटल्यावर त्यांना हायसं वाटलं. तपासणी झाली आणि ते हळू आवाजात म्हणाले, "आय ॲम अफ्रेड, शी विल नॉट सी विथ धिस आय अगेन."

"का म्हणते?" देवचंदने विचारलं.

डिंपलने वाक्य मनात जुळवलं. "बाबा, डॉक्टरसाहेबाले भेव लागून राहिला, का आईले या डोऱ्यानं आता दिसणार नाई."

देवचंद उठला. टेबलाला वळसा घालून डॉक्टरांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "भिऊ नोका साहेब. आमी आहो ना."

डॉक्टर गोंधळून पाहत राहिले. तेवढ्यात पुढच्या पेशंटला आत घेतलं गेलं.

कुंदाबाईला भरती करून घेतलं. गावाकडून जो भेटायला येई त्याला देवचंद सांगे, "अजून नक्की काई नाई. डॉक्टरले फक्त भेव हाय." तो पोटभर जेवत होता, शेजारच्या खाटेवाल्यांशी गप्पा मारत होता.

ते ऐकून वॉर्डातल्या चेतना सिस्टरने डिंपलला व्हरांड्यात बोलावलं.

"बाबांना असं कोणी सांगितलं?"

"मीच. डॉक्टर आय ॲम अफ्रेड म्हणाले ना?"

"अगं, इंग्रजीत वाईट बातमी द्यायची असली की अशीच सुरुवात करतात. त्यात भीती नसते, वाईट वाटतंय एवढंच असतं. त्यांनी शंका नव्हती सांगितली, पक्कंच सांगितलं होतं. औषध चालू आहे ते दुखणं पसरू नये म्हणून."

डिंपल वॉर्डात परतली. बाबा चहाला गेले होते. ती आईच्या खाटेवर बसली आणि एका दमात सगळं सांगून टाकलं.

"मले मालूम हाय," कुंदाबाई म्हणाली. "चांगला डोरा झाकून पाहतो मी रोज. या डोऱ्यानं काईच नाई दिसत."

"मंग बोलली काऊन नाई?"

"तुझा बाप खुशीत होता. म्हटलं, राहू दे थोडा."

"पण हे इंग्रजीवाले सरळ काऊन नाई सांगत?" डिंपलला रडू येत होतं.

"आपण घरून निघतो तवा 'जातो' म्हणतो का वं? 'येतो'च म्हणतो ना."

देवचंदला डिंपलने दवाखान्याच्या आवारात, कडुलिंबाखाली गाठलं. त्याने सगळं ऐकून घेतलं. चपलेने माती उकरत त्याने विचारलं,

"म्हंजे डॉक्टर भ्यालाच नोहता?"

"नाई बाबा. तशी बोलायची पद्धत हाय."

"मले वाटलं, एवढा शिकलेला माणूस आपल्यासाठी भेऊन राहिला. म्हणून मी भ्यालो नाई."

मग तो तसाच वॉर्डात गेला. इतक्या दिवसांत जे विचारलं नव्हतं ते त्याने बायकोला विचारलं, "किती दिसते?"

"काईच नाई," ती म्हणाली.

तो खाटेच्या कडेला बसला. डिंपल दाराशीच थांबली.

घरी आल्यावर कुंदाबाईला अंतराचा अंदाज येईना. चहा ओतताना धार कपाबाहेर जायची. देवचंद कप धारेखाली सरकवायचा. थंडी सरेपर्यंत हे चाललं. मग एका सकाळी तिने त्याचा हात बाजूला केला.

"सोडा जी, जमते आता."