शितलचं आठ जीबीचं कार्ड

सेनगावजवळच्या तांड्यावरच्या शितलला कॉम्प्युटरवर गेम खेळायला शिकवलं ते प्रेमदासनं, तिच्या मावसभावानं. त्यामुळं गाड्यांच्या ऑनलाइन शर्यतीच्या आठवडाभर आधी तो "साफ करून देतो" म्हणत तिचा कॉम्प्युटर सेनगावला आपल्या घरी घेऊन गेला आणि दोन दिवसांनी परत आणून दिला, तेव्हा तिला काहीच वावगं वाटलं नाही.

शर्यतीत मात्र शहर लागलं की चित्र अडकायचं, इमारती धूसर व्हायच्या आणि तिची गाडी भिंतीवर आदळायची. त्याच शर्यतीत उतरलेला प्रेमदास पहिला आला, शितल अकरावी.

दुसऱ्या दिवशी तिनं चित्रांचा दर्जा कमी केला, तर तोच गेम सुरळीत चालला. म्हणजे ग्राफिक्स कार्डाची मेमरी अपुरी पडत होती. तिनं कॉम्प्युटर उघडला. आत तिच्या आठ जीबीच्या कार्डाऐवजी प्रेमदासचं जुनं, चार जीबीचं कार्ड होतं.

ती तडक जीपनं सेनगावला त्याच्या घरी गेली.

"दादा, काहून केलं असं?"

तो खाली बघत म्हणाला, "मला वाटलं, तुला कळणारच न्हाई."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. त्याच्यासमोरच तिनं त्याच्या कॉम्प्युटरचे स्क्रू काढून आपलं कार्ड घेतलं.

"उद्या सराव करू ना?" त्यानं दारातून विचारलं.

शितल मागं न बघता जीपकडे चालत राहिली.