चोविसावी खिडकी

तूरे वाड्लिंगला त्या वर्षीचं उत्कृष्ट दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं. छे, असं काहीच घडलं नाही. तिकडे स्वतःच्या बक्षिसाची वाच्यता करणं म्हणजे फुशारकी; खुद्द तूरेला विचाराल तर तोही हेच सांगेल, आणि विषय हवामानावर नेईल.

तूरे दूर उत्तरेकडच्या थंडगार नॉर्लांडातल्या एका टीव्ही वाहिनीचा लेखक-दिग्दर्शक. दर वसंतात एल्क पोहत नदी ओलांडतात, ते दिवसरात्र थेट दाखवायचं काम त्याच्या गळ्यात होतं. एल्क म्हणजे सांबराचा थोरला चुलता. मनात येईल तेव्हा येतो, एरवी पडद्यावर नुसती नदी. पटकथाही तूरेचीच. पहिलं पान : नदी. दुसरं पान : नदी, जरा ढगाळ. प्रेक्षकांचे बघता बघता स्वेटर विणून व्हायचे.

"आयुष्यात एकदा तरी मी 'ॲक्शन' म्हणावं आणि समोरच्याने ऐकावं," एवढंच त्याचं मागणं.

अखेर मुलांची नाताळमालिका त्याच्याकडे आली. एक डिसेंबरपासून चोवीसपर्यंत रोज एक भाग. जमली तर एल्क कायमचे सुटले. फसली तर पुन्हा नदीकाठ. तूरेने कथेसाठी भर समुद्रातलं एक बेट घेतलं, बेटावर दीपगृह, दीपगृहात एक कुटुंब. मांजरसुद्धा ठेवलं नाही.

मग चित्रकार सीव मालिकेचं कागदी कॅलेंडर घेऊन आली. मुलांनी रोज एक खिडकी उघडायची, आत त्या दिवशीच्या भागातलं चित्र. कॅलेंडर देशभरच्या दुकानांत पोचलंही होतं. तूरेने चोविसावी खिडकी उघडली. आतून एक एल्क त्याच्याकडे बघत होता.

"सीव, हे काय गं?"

"शेवटचा भाग तू लिहिलाच नव्हतास. म्हटलं, तूरे आहे म्हणजे शेवटी एल्क येणारच."

"अगं, बेट आहे ते! चहूकडे समुद्र!"

"एल्क पोहतात की. इतकी वर्षं तूच तर दाखवतोयस."

वाहिनीप्रमुख गुनवोरने बैठक बोलावली. सगळ्यांचं एकमत होईपर्यंत कॉफी पीत बसायचं, हा तिथला शिरस्ता.

"मुलांनी खिडकी उघडली आणि एल्क आलाच नाही, तर त्यांना समजवायला तू जाणार का?" गुनवोरने विचारलं.

"माझा विरोध..." तूरे म्हणाला. सगळ्यांनी कप खाली ठेवले आणि घरात कुणी गेल्यासारखे त्याच्याकडे बघू लागले. "...अजिबात नाही," त्याने वाक्य पुरं केलं.

एल्कपालन केंद्रातून एबा नावाची माणसाळलेली मादी आली. तिने दीपगृहाच्या खिडकीबाहेर नुसतं उभं राहायचं, असं तूरेने पटकथेत तीनदा अधोरेखित केलं. आत कुटुंब टेबलाशी. ताटलीत दालचिनीचा शेवटचा बन. आता तिकडे शेवटचा बन उचलायचा म्हणजे निर्लज्जपणाच.

"तू घे ना," आजोबा म्हणाले.

"छे हो, तुम्हीच घ्या," सून म्हणाली.

आजोबांनी शिष्टाचार म्हणून अर्धाच घेतला. सुनेने उरलेल्याचा अर्धा. नटमंडळी पटकथा विसरून कापतच सुटली. ताटलीत मुंगीच्या न्याहारीपुरता तुकडा राहिला आणि तोही कुणी उचलेना.

एबाने खिडकीतून मान आत घातली, तुकडा खाल्ला आणि तोंडी लावायला टेबलक्लॉथ घेतला.

"थांब!" तूरे ओरडला. कुणी थांबलं नाही, एबा तर नाहीच.

"सुटलो बाबा!" आजोबांच्या तोंडून मनापासून निघालं.

दुसऱ्यांदा चित्रित करायला टेबलक्लॉथ उरला नव्हता. चोवीस तारखेला आहे तेच दाखवलं, आणि घरोघरी लोकांनी सुटकेचा निःश्वास टाकला. शेवटचा तुकडा शेवटी कुणीतरी उचलला होता! परीक्षकांनी 'एल्कच्या संयत हाताळणीबद्दल' पारितोषिक दिलं, म्हणजे दिलं नाही.

गुनवोरने तूरेला मिठी मारली. "एल्क हाताळावेत तर तूच, बाबा! पुढच्या नाताळात दोन घेऊ. आणि वसंतात नदी आहेच."

तूरेने त्याच दुपारी अर्ज केला :

"मा. कार्यक्रम विभाग यांस, अर्जदार सविनय निवेदन करतो की, एल्क या प्राण्याची पोहण्याची क्षमता येत्या वसंतापूर्वी सर्वानुमते, संबंधित एल्कांची लेखी संमती घेऊन, रद्द करण्यात यावी व तशी समज नदीसही देण्यात यावी, ही नम्र विनंती."