किंकाळीचा सीन

पडद्यावर ओठ हलायचे नायिकेचे आणि आवाज असायचा ताईंचा. ही गोष्ट स्टुडिओतल्या मोजक्या माणसांना ठाऊक होती, आणि त्यांनी तोंडाला कुलूप लावलेलं होतं. नायिका मुलाखतीत बिनदिक्कत सांगायची, "आवाजासाठी मी रोज पहाटे उठून मेहनत घेते." ते ऐकून ताई चहात बिस्किट बुडवत म्हणायच्या, "घेते हो, झोपेतच घेते." पण चिडायच्या नाहीत. धंद्याचा रिवाजच तसा होता. ज्या सिनेमाचं डबिंग चालू असेल त्याचं नाव बाहेर काढायचं नाही, स्टुडिओच्या दारावर भलत्याच नावाची पाटी लावायची, आणि कुणी विचारलंच तर 'असा सिनेमाच नाही' म्हणून हात वर करायचे. ताईंनी उभी हयात हा रिवाज पाळला. इमानदारीचं फळ मिळतं म्हणतात. ताईंना खोली मिळाली, बाहेरून कडी असलेली.

त्याचं असं झालं. नवा सिनेमा एका बाईचा होता. धडधाकट बाई, पण घरचेच तिला वेडी ठरवून कोंडून घालतात. ताई घरी तालीम करायच्या त्या जीव तोडून. "मला बाहेर काढा! हे लोक माझ्या जेवणात काहीतरी कालवतात!" असं त्या ओरडल्या की शेजारच्यांची भांडी हातातून पडायची. कोंडणाऱ्या डॉक्टरची वाक्यं वाचून दाखवायला समोर धाकटी बहीण असायची, छकुली. आता छकुली म्हणजे चांगली तिशी ओलांडलेली बाई, पण घरातलं नाव एकदा चिकटलं की चिकटलं. आई गेली तेव्हा ती शाळेतही जात नव्हती. ताईंनीच तिला वाढवलं, तिच्यापायी स्वतःच्या लग्नाचा विषय काढला नाही, आणि पुढे माईकसमोर श्वास कुठे घ्यायचा, हुंदका कुठे तोडायचा, हेही त्यांनीच शिकवलं. आवाज दोघींचा एका साच्यातला. फोनवर भल्याभल्यांची फसगत व्हायची. ताईंच्या मते मात्र छकुलीच्या आवाजाला अजून तळ नव्हता, आणि ताईंचं मत म्हणजे घरातला कायदा.

एका सकाळी एक डॉक्टर दोन मदतनिसांना घेऊन दारात उभे राहिले. खुर्चीत बसून त्यांनी शांतपणे फोनवर एक ध्वनिमुद्रण लावलं. "मला बाहेर काढा! माझ्या जेवणात..." आवाज ताईंचाच होता.

"अहो, हे माझे संवाद आहेत!" ताईंना हसूच आलं. "सिनेमातले!"

"कुठल्या सिनेमातले?"

ताईंनी आयुष्यात पहिल्यांदा रिवाज मोडला आणि नाव सांगितलं. डॉक्टरांनी स्टुडिओत फोन लावला. पलीकडे ध्वनिमुद्रक दादा होते. ताईंना विचारल्याशिवाय एकही टेक पास न करणारा माणूस. ते म्हणाले, "असा सिनेमाच नाही हो आमच्याकडे. आणि या कोण बाई? आमच्या नायिका स्वतःच बोलतात." बिचाऱ्यानं रिवाज पाळला. त्याला तरी काय बोलायचं?

ध्वनिमुद्रण चालूच होतं, आणि ताईंचे कान धंद्याचे होते. दोन वाक्यांच्या मध्ये जिथे छकुलीचं वाक्य यायला हवं, तिथे काहीच नव्हतं. कुणीतरी ते नीट कापून काढलं होतं. त्या तालमीला हजर असलेलं माणूस एकच होतं. ताईंनी तिच्याकडे पाहिलं तर ती पदराशी चाळा करत होती.

"काम बंद झाल्यापासून हे असंच चाललंय, डॉक्टर," छकुली म्हणाली.

ताईंच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. सिनेमा अर्धा झालेला. आवाज देणारी बाई अचानक गेली तर उरलेला अर्धा तिच्यासारख्याच आवाजात कोण पुरा करणार? कुंपणानंच शेत खाल्लं होतं. परक्यानं लुबाडलं तर माणूस शिव्या देतं, ओरडतं. पोटाशी धरून वाढवलेल्या पोरीनं केसानं गळा कापला तर काय करायचं, हे ताईंना कुणी शिकवलं नव्हतं. त्या मुकाट्यानं गाडीत बसल्या आणि रस्ताभर रडल्या.

वेड्यांच्या इस्पितळात पहिले दिवस त्यांनी खरं सांगण्यात वाया घालवले. 'पडद्यावरच्या त्या सुंदर बाईचा आवाज माझा आहे' हे कुठल्याही डॉक्टरला सांगून बघा, म्हणजे कळेल. जितकं खरं बोलावं तितका आजार बळावलेला. जेवणाच्या हॉलमध्ये एक बाई स्वतःला महाराणी समजायची. तिचा मात्र ताईंवर ताबडतोब विश्वास बसला, आणि ते बघून डॉक्टरांनी मान आणखीच हलवली. वेड पांघरून पेडगावला जाणारे पुष्कळ असतात. ताईंवर शहाणपण पांघरायची पाळी आली. त्यांनी सिनेमाचं नाव घेणं सोडलं, आवाज खाली आणला, गोळी दिली की घेतली, विचारलं तर 'बरं वाटतंय' म्हटलं. तोंड दाबून बुक्क्यांचा मार. सगळा राग पोटात साठत राहिला.

डॉक्टर माणूस वाईट नव्हता. एक दिवस तो म्हणाला, "ताई, खूप फरक आहे. परत तसा ओरडण्याचा झटका आला नाही, तर उद्या सकाळी तुम्हाला घरी सोडतो." घरी गेल्यावर आधी स्टुडिओत जाऊन दादांच्या समोर उभं राहायचं, हे ताईंचं ठरलं होतं.

त्याच दुपारी छकुली भेटायला आली. भेटीच्या खोलीत एक टेबल, दोन खुर्च्या आणि काचेचं दार. दाराबाहेर नर्सबाई स्टुलावर बसलेल्या.

"बारीक झालीस, ताई."

"जेवणात काहीतरी कालवतात ना," ताई म्हणाल्या. छकुली हसली नाही. "का केलंस ग हे?"

"सगळा जन्म तुझ्यासमोर बसून दुसऱ्यांची वाक्यं वाचली मी. माईकपाशी गेले की तू म्हणायचीस, अजून तयार नाहीस. कधी होणार होते ग मी तयार? तू मेल्यावर?"

हे ताईंना लागलं, कारण त्यात खोटं काही नव्हतं. तरी पण तेवढ्यासाठी माणसाला कोंडायचं? त्या हळू आवाजात म्हणाल्या, "उद्या सोडतायत मला."

"सांगितलं डॉक्टरांनी. सोडू देत. मी आडवी येणार नाही." छकुलीचे डोळे भरले. "चुकलं माझं. सगळं झालंय, शेवटचा सीन तेवढा राहिलाय. दार बंद होतं तिथली किंकाळी. नाही जमत मला. तुला नाही विचारायचं तर कुणाला विचारू?"

"नाही जमत म्हणून सांग त्यांना."

"एकदा ऐक तरी." छकुलीनं हलक्या आवाजात किंकाळी करून दाखवली. शेपटीवर पाय पडलेल्या मांजरासारखी. ताईंनी ओठ आवळून खिडकीकडे पाहिलं. छकुलीनं पुन्हा केली, पहिल्याहून वाईट. पुन्हा केली. ज्यानं जन्मभर शिकवलं त्याला समोरची चूक बघवत नाही. उपाशी राहवेल एक वेळ, पण खोटा सूर कानाआड करवणार नाही.

"श्वास!" ताईंच्या तोंडून निसटलंच. "श्वास सोडून मग ओरडतेस. आधी पोटात धर."

"असा?"

"गळ्यात नव्हे ग, पोटात!"

"म्हणजे कसा? मला कळतच नाहीये, ताई!"

"अग गधडे, असा!"

ताई उभ्या राहिल्या, पोटावर हात ठेवला आणि श्वास धरला. बंद होणारं दार डोळ्यांपुढे आणायला त्यांना कष्ट पडले नाहीत. साठलेलं सगळं एकदम वर आलं. त्या किंकाळीनं काचेचं दार थरथरलं, हॉलमध्ये महाराणी रडायला लागली, आणि नर्सबाई स्टूल पाडून आत धावल्या. मागोमाग मदतनीस आले, डॉक्टर आले. कुणीतरी ताईंचे दंड धरले.

"मी शिकवत होते हो," ताई म्हणाल्या. "हिला शिकवत होते!"

डॉक्टरांच्या चेहऱ्यावर खरोखरचं दुःख होतं. त्यांनी छकुलीकडे पाहिलं. ती भिंतीला टेकून उभी होती, पांढरीफटक.

"आणि तुम्ही हिला उद्या घरी पाठवत होतात, डॉक्टर," ती म्हणाली. पुढचं बोलवेना म्हणून तिनं श्वास घेतला, तो खोल पोटात धरला, आणि बरोबर जिथे तुटायला हवा तिथे हुंदका तोडला.

ताई धडपडायच्या थांबल्या. त्या हुंदक्यात काढायला एकही चूक नव्हती. पोरीला श्वास धरता येत होता. मघाची किंकाळी तिनं मुद्दाम चुकवली होती, आणि इतकी बेमालूम, की शिकवणारीलाही संशय आला नाही.