पातेल्यातले मासे

कोकुसिमाने पांढरी तबकडी दोरीने पाण्यात सोडली आणि बोटीच्या कडेवरून वाकून ती दिसेनाशी होण्याची वाट पाहू लागली. फार वेळ पाहावी लागली नाही. पूर्वी दोरी संपत आली तरी तबकडी खाली लुकलुकत असायची. आता कोपरापर्यंत हात बुडवला की आपलीच बोटे दिसत नाहीत. तिने दोरी ओढून घेतली आणि कंबर धरून बसली.

"किती?" जाळे झटकता झटकता लुहेंदेने विचारले.

"कालच्याहून कमीच."

"मग कशाला रोज सोडता, बाई? सरोवरालाही आता लाज वाटत असेल."

एरवी ती हसली असती. आज हसण्याचेही कष्ट नको वाटत होते.

या सरोवरात तिने उभा जन्म काढला होता, तोही बोटभर लांबीच्या फुरू माशांपायी. कुणाचा जबडा जाड होतो, कुणाचा पर लांबतो. असले बदल सगळ्याच माशांत होत राहतात. एका घरात कुणाचे नाक बसके निघते, कुणाचे सरळ, म्हणून कुणी वेगळे कुळ मांडत नाही. पण या खाडीतल्या खडकांवर एका माशाचे दोन झाले होते. काही नर लाल, काही निळे. आणि लाल नरांच्या माद्या निळ्यांकडे ढुंकून पाहत नसत. रोटीबेटी व्यवहार तुटला की समजा मोठा बदल झाला, असे ती विद्यार्थ्यांना सांगे. छोट्या बदलांची बेरीज होत होत एवढे मोठे काही घडते, हे लोक पुस्तकात वाचत. तिने ते बोटीत बसून पाहिले होते.

आणि जगात दुसरीकडे कुठेच नसलेले हे दोन मासे इथे राहतात, एवढ्याच आधारावर ही खाडी जाळ्यांपासून बंद ठेवलेली होती. ती बंद होती म्हणून ही बोट होती, आणि बोट होती म्हणून लुहेंदेची नोकरी होती. उद्या राजधानी डोडोमाहून सरकारी साहेब येणार होते. त्यांना एकच गोष्ट ऐकायची होती: मासे अजून दोन वेगळ्या जातींचे आहेत ना?

लुहेंदेने निवडायला सुरुवात केली. मासा मेला की रंग उतरतो, म्हणून हे काम झटपट करावे लागे. माद्या थेट सरोवरात. लाल नर डाव्या टबात, निळे उजव्या टबात. दोन्ही टबांत किनाऱ्यावरून आणलेले नळाचे स्वच्छ पाणी होते. कोकुसिमा डोळे मिटून पाठ टेकून बसली. निवडण्यात तिने कधीच ढवळाढवळ केली नव्हती. लुहेंदेची नजर तिच्यापेक्षा चांगली होती.

"झालं," तो म्हणाला.

तिने डोळे उघडले. डावीकडे लाल, उजवीकडे निळे. पूर्वीइतके नव्हते, पण होते. पाणी कितीही नासले तरी मासे आपला रंग सोडत नाहीत, याचे तिला मनापासून बरे वाटले.

"अजून दोन आहेत, असं सांगेन उद्या."

"सांगा की. आता जेवून घ्या. केळी नाहीत हं आज, मक्याच्या पिठाची उगाली आहे. तुम्ही बुकोबाची माणसं केळ्यांवाचून रुसून बसता."

"तुझ्या हातची उगाली म्हणजे विटा. घर बांधतोयस का?"

लुहेंदे खो खो हसला आणि त्याने कोळशाच्या शेगडीजवळचे पातेले पुढे ओढले. ते ओढताना बोटीच्या तळावर घासले गेले. कोकुसिमाने त्या आवाजाने वळून पाहिले.

"हे पातेलं नवं दिसतंय."

"जुनं पुरेना. गेल्या पावसाळ्यातच बदललं. तुमचं लक्ष कुठं असतं?"

"जेवायला तर आपण दोघंच."

"माणसं नाही वाढली, बाई. मासे वाढले. उरलेले मी घरी नेतो, पोरं खातात."

ती उठून पातेल्याजवळ गेली. आत मासे एकमेकांवर तडफडत होते. कुणी मातकट, कुणी जांभळट. एकाच्या पाठीवर लाली होती आणि पोटाकडे निळसर झाक. धड लाल नाही, धड निळा नाही, तो आजारी असणार. त्याला पातेल्यात टाक. हा नियम तिचाच. तेव्हा असे एखाददुसरे मासे सापडत आणि रस्सा चवदार होई.

गढूळ पाण्यात मादीला रंग दिसत नाही. मग तिला लाल काय आणि निळा काय. दोन्ही घरे पुन्हा एक होत होती, आणि कोकुसिमा ते रोज दुपारी टोमॅटो-कांद्यात शिजवून खात होती.

"तू बोलला का नाहीस?"

"मला वाटलं, तुम्हाला माहीत असेल. रोज वाढून देतोय की." मग तिच्या चेहऱ्याकडे पाहून तो हळू आवाजात म्हणाला, "उद्या साहेब पातेलं थोडंच मागणार आहेत?"

खरे होते. टबांत लाल होते, निळे होते. खाडी बंद राहिली असती, बोट राहिली असती. नाहीतरी तिची निवृत्ती आली होती. तिला रडू येत होते आणि रडायचाही कंटाळा आला होता. पातेल्यातला तो दोनरंगी मासा कल्ले उघडत होता, मिटत होता.

"शेगडी विझव," ती म्हणाली.

"आणि खायचं काय?"

"विटा आहेत ना."

लुहेंदेने शेगडीवर पाणी ओतले, कॅनमधले उरलेसुरले नळाचे पाणी पातेल्यात रिकामे केले आणि पातेले सरकवत नेऊन दोन टबांच्या मधोमध ठेवले. मासे हळूहळू सरळ होऊन पोहू लागले. दोघांनी मिठाशी उगाली खाल्ली.

हात धुताना लुहेंदे म्हणाला, "उद्या साहेबांपुढे पातेलं मीच धरतो. तुम्हाला उचलवायचं नाही ते."