अकरा वर्षांची बरणी

पाण्याला उकळी फुटली तरी मावशी बर्नरपासून हलल्या नाहीत. आणखी पाच मिनिटं त्यांनी ते रटरटू दिलं. महाविद्यालयाच्या जीवशास्त्र विभागात सव्वीस वर्षं परिचर म्हणून काढलेल्या बाईला अर्धवट काम चालत नाही.

"तुमचा काही दोष नाही रे बाबांनो," त्या भांड्याकडे बघून पुटपुटल्या.

पाणी निवल्यावर त्यांनी ते पुन्हा काचेच्या बरणीत ओतलं आणि बरणी खिडकीत जागच्या जागी ठेवली. अकरा वर्षांपूर्वी तळ्यावरून आणलेलं ते पाणी त्यांनी दर आठवड्याला गवताचा काढा घालून जिवंत ठेवलं होतं. सुट्टीतसुद्धा, घरी पोरगी तापाने फणफणलेली असतानासुद्धा. आता त्यात एकही जीव नव्हता. सरांना मात्र ते बाहेरून कळणार नव्हतं.

सर म्हणजे विभागप्रमुख. तळ्यातल्या सूक्ष्मजीवांवरचं त्यांचं पुस्तक गाजलं ते त्यातल्या त्रेपन्न चित्रांमुळे, आणि ती सगळी मावशींनी काढलेली होती. स्टुलावर बसून, एक डोळा सूक्ष्मदर्शकाला आणि दुसरा कागदावर. "नाव पुढच्या आवृत्तीत टाकू," असं सर म्हणाले होते. तीन आवृत्त्या निघाल्या. गेल्या सोमवारी पुस्तकाला पारितोषिक जाहीर झालं तेव्हा मावशींनी पुन्हा विषय काढला. वर्गभर मुलांसमोर सर हसले.

"मावशी, काचा धुणाऱ्यांनी काचाच धुवाव्यात."

मुलंही हसली. मावशींच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"सोडून दे गं," घरी नवरा म्हणाला. "निवृत्तीला दोन वर्षं राहिलीत."

"दोनच राहिलीत, म्हणून तर," मावशी म्हणाल्या.

सत्कार अकरा वाजता होता. सभागृह गच्च भरलं होतं. पहिल्या रांगेत सरांच्या जुन्या प्राध्यापिका बसल्या होत्या, ऐंशीच्या घरातल्या, हातात काठी. सगळे त्यांना नुसतं बाई म्हणत. जिवंत जीव दाखवायला सूक्ष्मदर्शक मोठ्या पडद्याला जोडला होता, शेजारी ती बरणी. भाषणाच्या भरात सर म्हणाले, "हे जीव मी स्वतः वाढवतो. लेकरांसारखे." मागच्या दाराशी उभ्या असलेल्या मावशींनी ओठ घट्ट मिटले.

मग सरांनी बरणी उचलली आणि चांगली हलवली.

बाईंच्या कपाळाला आठी पडली. पॅरामेशियमसारखे जीव पाण्यावरच्या सायीखाली जमतात, तिथूनच अलगद थेंब घ्यायचा, बरणीला धक्काही लावायचा नाही, हे मावशी पहिल्या वर्षाच्या मुलांना शिकवत आल्या होत्या.

पडद्यावर करडा उजेड आला. काहीच हललं नाही. सरांनी काच सरकवली. काळ्या काठाचं एक वर्तुळ दिसलं.

"हा पाहा!" सर म्हणाले.

"सर, तो हवेचा बुडबुडा आहे," मधल्या रांगेतून एक मुलगी म्हणाली, आणि सभागृहात खसखस पिकली.

दुसरा थेंब, तिसरा थेंब. सरांना दरदरून घाम फुटला. मावशींना इतकं बरं वाटत होतं की त्यांना स्वतःचीच थोडी भीती वाटली.

"हे पाणी कोण सांभाळतं?" बाईंनी विचारलं.

सरांनी सभागृहावर नजर फिरवली. मावशी दिसताच त्यांचा संयम सुटला. "या मावशी! पाणी आणण्यापासून काचेवर थेंब ठेवण्यापर्यंत सगळं याच करतात! मी अकरा वर्षांत त्या बरणीला हात लावलेला नाही! यांनीच काहीतरी घोळ घातलाय!"

बोलून झाल्यावर आपण काय बोललो ते त्यांच्या ध्यानात आलं. बाई काठीवर भार देऊन उठल्या.

"थेंब ठेवणाऱ्यालाच थेंबातलं दिसतं," त्या म्हणाल्या. "मग पुस्तकातली चित्रं कुणाची?"

सर हातातली काच पुसू लागले. पण ती मघाची मुलगी उभी राहिली. "मावशींची. आम्ही रोज बघतो."

माना मागे वळल्या. कुणीतरी टाळी वाजवली, मग बऱ्याच टाळ्या वाजल्या. मावशींनी कुणालाही नमस्कार केला नाही. त्या दारातून बाहेर पडल्या.

बाई कॉरिडॉरमध्ये त्यांना गाठायला आल्या तेव्हा धापा टाकत होत्या.

"उकळलंस ना?"

"हो."

"सगळं?"

"थोडं ठेवलं असतं तर त्यांनी तेच मागवलं असतं."

बाईंनी मावशींच्या दंडावर हात ठेवला आणि काठी टेकत निघून गेल्या.

दुपारी प्रयोगशाळेत कुणी नव्हतं. मावशींनी बरणी मेजावर घेतली. काचेवर थेंब, थेंबात कापसाचे दोन तंतू, वर पातळ झाकण. जीवांनी फार पळू नये म्हणून तंतू घालायचे असतात. आता त्यांची गरज नव्हती, तरी त्यांनी घातले. एक काच बघून झाली की दुसरी. सूड उगवल्याचा पश्चात्ताप त्यांना होत नव्हता. पुन्हा वेळ आली असती तर पुन्हा उकळलं असतं. पण एखादा जीव, अगदी एखादा, कुठे तळाशी वाचला असेल, असं वाटत होतं.

चौदाव्या काचेला सर दारात येऊन उभे राहिले. सत्काराची शाल त्यांनी काढून, दुमडून हातात धरली होती.

"मावशी... दिसतंय का काही?"

मावशींनी सूक्ष्मदर्शकावरून डोळा हलवला नाही.

"दार ओढून घ्या, सर. वाऱ्याने थेंब सुकतो."

सर क्षणभर घुटमळले. मग बाहेर जाऊन त्यांनी दार आवाज न करता ओढून घेतलं. मावशींनी पंधरावी काच पुसायला घेतली.