बकरीनं थुंकलेलं पान

मी सदाफुली बोलून राहिली. मुर्री गावातल्या रुख्मिणीबाईच्या अंगणात, मोरीच्या पाण्यावर, माझी मीच उगवली. कोणी लावलं नाही, खत घातलं नाही. बारा महिने गुलाबी फुलते, पण कौतुकाच्या नावानं शिमगा.

एकदा बकरीनं माझं पान तोंडात घेतलं आणि थुंकून दिलं. शहाणी होती. माझ्या अंगात शंभरेक कडू द्रव्यं आहेत. शिकलेले लोक त्यांना अल्कलॉइड म्हणतात. किड्यांनी, गुराढोरांनी मला खाऊ नये म्हणून मी ती बाळगते. त्यातली दोन कारखान्यात ढीगभर पानांतून चिमूटभर निघतात आणि कर्करोगाच्या रोग्याला सुईतून देतात. फुटून दोन होणाऱ्या पेशीला ती थांबवतात. रोगाची पेशी कोणती, केसाच्या मुळाची कोणती, ही ओळखदेख ती ठेवत नाहीत. म्हणून डॉक्टर तोलूनमापून देतो.

रुख्मिणीबाईचा नवरा केशोराव मात्र बकरीहून हुशार! त्याला शुगर झाली. राईस मिलवर कोणीतरी सांगितलं, सदाफुलीची पानं चाव. झालं! रोज सकाळी मला ओरबाडायचा, तोंड वाकडं करून चावायचा. जितकं कडू तितका गुण, हा त्याचा हिशेब. डॉक्टरनं दिलेल्या गोळ्या गुपचूप बंद. माझ्यानं साखर थोडी हलतही असेल, पण गोळीचं काम मी कधी अंगावर घेतलं होतं?

एका सकाळी पानं चावत तो शेतावर निघाला. एक चप्पल माझ्यापाशीच गळाली. तो तसाच फाटकापर्यंत गेला.

"काऊन जी, चप्पल कोठी आहे?" रुख्मिणीबाईनं विचारलं.

"पायातच त आहे."

"मंग इथं काय भुताची पडून राहिली?"

त्यानं खाली पाहिलं. साखरेनं बधिर झालेल्या पायाला कळलंच नव्हतं. तळव्यात काटा मोडून पिकला होता, तोही नाही कळला.

बाईनं वाकून तळवा पाहिला. मग म्हणाली, "गोळ्या घेता ना?"

"हे पानं खातो ना मी..."

"बकरीनं थुंकलं थे तुमी खाऊन राहिले! पाय कापाची पाळी आणता का जी?"

त्याच पावली तिनं त्याला गोंदियाच्या दवाखान्यात नेलं. पाय थोडक्यात वाचला.

काल पट्टीचा पाय जपत तो अंगणात आला. सवयीनं हात माझ्याकडं.

"हात मांगं घ्या जी!" आतून आवाज.

त्यानं झटकन पान सोडून फूल तोडलं. "देवाले नेऊन राहिलो ना," म्हणे.

फुलं खुशाल न्या बाबांनो, देवाला वाहा, केसात माळा. पानं तेवढी माझ्याच अंगावर राहू द्या. बाईनं मला अजून उपटलं नाही, पण विळा तिनं दारातच ठेवला आहे.