मिएनचा उजवा पाय

सासूबाईंच्या, थोमबाईंच्या हाताने मडक्याच्या अंगावर लाटा उठतात, हे घरात एकट्या मिएनला ठाऊक होतं. नवऱ्याला तिने सांगितलं नव्हतं. शेजारच्या खुएमावशीला तर नाहीच, कारण मावशीला सांगणं म्हणजे नदीच्या दोन्ही काठांना सांगणं. खुद्द थोमबाईंना आपले हात थरथरतात एवढं माहीत होतं. चहाचा पेला ओठापर्यंत नेताना अर्धा सांडायचा. पानाला चुना लावायचा तर तो मनगटापर्यंत पोचायचा. पण त्यांची एक ठाम समजूत होती.

"मातीला हात लागला की थांबतं बघ," त्या म्हणायच्या. "सातव्या वर्षापासून, पासष्ट वर्षं हिच्यात हात घालतेय. ओळखते ती मला. चारचौघांत माझी अब्रू जाऊ द्यायची नाही."

मिएन नुसती मान हलवायची. थोमबाईंची अब्रू तिचा उजवा पाय सांभाळत होता.

थु बोन नदीच्या काठच्या या गावात चाक दोघींचं असतं. एक खाली पाटावर बसून भांडं घडवते. दुसरी उभी राहते, आडवा बांबू धरून एका पायावर तोल सांभाळते आणि दुसऱ्या पायाने जमिनीलगतचं चाक ढकलत राहते. बसलेली सांगत नाही, उभी असलेली विचारत नाही. पोट फुगवताना वेग हवा, गळा आवळताना सबुरी हवी, काठ वळवताना चाक जेमतेम जागं हवं. हे उभ्या बाईने बसलेलीच्या खांद्यांवरून ओळखायचं. पायाने हाताच्या मागून चालायचं, पुढे कधी जायचं नाही.

मिएन लग्न होऊन आली तेव्हा बावीस वर्षांची होती. पहिलं वर्षभर थोमबाई रोज ओरडायच्या, "पाय आहे की रेड्याचा खूर? चाक आहे ते, चिखल तुडवायला नाही सांगितला!" दुसऱ्या वर्षी बोलणं कमी झालं. तिसऱ्या वर्षी थांबलं, आणि त्या थांबण्यालाच मिएनने शाबासकी मानलं. त्याला आता सोळा वर्षं झाली होती.

कंप सुरू झाला तो यंदाचा तेत, नव्या वर्षाचा सण, संपल्यावर, त्याची फुलं दारात सुकत पडली होती तेव्हा. एका वाडग्याच्या अंगावर मिएनला बारीक लाटा दिसल्या. दुसऱ्या दिवशीही दिसल्या. मग ती नीट लक्ष देऊ लागली. हाताला तीन झटके यायचे, मग थोडी उसंत, मग पुन्हा तीन. चाक एकाच वेगाने फिरत राहिलं तर प्रत्येक झटका ओल्या मातीवर लांब उमटायचा. पण नेमक्या त्या क्षणी पाय आखडता घेतला तर खूण आखूड राहायची, आणि पुढच्या फेऱ्यात थोमबाईंची बोटं ती नकळत पुसून टाकायची. पंधरा दिवसांत मिएनच्या पायाला ते झटके पाठ झाले. पुढे तर ते यायच्या आधीच पाय मंद व्हायचा.

पाय हाताच्या पुढे गेला होता. कुंभारणीने असं करायचं नसतं, हे तिला कळत होतं. पण तिच्या डोळ्यांसमोर आत्याबाई होत्या.

आत्याबाई म्हणजे थोमबाईंची नणंद. आयुष्यभर त्यांचं वेगळं चाक होतं. सहा वर्षांपूर्वी भर कामात त्यांच्या हातून एक घडा ढासळून खाली बसला आणि त्या उठल्या. या घरात आता पुरे म्हणून पाटावरून आपणहून उठलेली बाई पुन्हा बसत नाही, आणि पाट कुणी मागायचा नसतो. बसलेलीने तो आपल्या हाताने द्यायचा. आत्याबाईंनी तो कुणालाच दिला नाही. अंगणाच्या कोपऱ्यात त्या शेंगा सोलत बसू लागल्या, तोंड भिंतीकडे करून. चाकाचा आवाज आला की कानावरून फडकं बांधायच्या. भाताची कापणी व्हायच्या आत गेल्या. आजार काही नव्हता.

थोमबाईंचं तसं होऊ नये, एवढंच मिएनला हवं होतं.

आठवड्यातून दोनदा होइ आन शहरातून पाहुण्यांची होडी यायची. होडी मिएनचा नवरा लुआन चालवायचा. पाहुण्यांसोबत क्वेन नावाची चुणचुणीत वाटाडी असायची. पाहुणे माती मळायचे, चाकाशी बसून एखादं वाकडंतिकडं वाडगं करायचे, आणि मिएनने केलेल्या मातीच्या कोंबड्यांच्या शिट्ट्या फुंकत परत जायचे. मागच्या खेपेला क्वेनने सहज म्हटलं होतं, "आजी, लांब गळ्याची सुरई कधी दाखवणार?" आणि थोमबाई बोलून गेल्या होत्या, "पुढच्या वेळी."

तेतनंतर त्यांनी सुरई केलीच नव्हती. वाडग्याचा कंप पाय झाकू शकतो. सुरईचा गळा एक वीत उंच आणि कागदासारखा पातळ. तिथे पाय किती पुरणार?

होडी यायच्या दिवशी सकाळी माती मळता मळता मिएन म्हणाली, "आई, आज वाट्याच करू या का? ऊन फार आहे."

"वाट्या पाहुणेही करतात. मी काय त्यांच्यासारखी होडीतून उतरलेय?"

"माती जरा सैल वाटतेय."

"मग मळ की. हात कशाला दिलेत?" थोमबाईंनी तिच्याकडे रोखून पाहिलं. "तुला काय झालंय? पाय दुखतोय का?"

"नाही हो."

"मग गप मळ."

होडी नऊला लागली. सात पाहुणे होते. सगळ्यांच्या डोक्यावर नव्या कोऱ्या पानांच्या टोप्या. त्यांत एक उंच, पांढऱ्या केसांची बाई होती, इंग्रिड. गुडघे दुमडून पाटावर बसता बसता तिला दोनदा हसू फुटलं.

"या दातांच्या डॉक्टर आहेत, आजी," क्वेन म्हणाली.

"मग बरंच झालं. माझे चारच उरलेत, तेवढ्यांवर नजर टाकायला सांग. पण आधी माती म्हणावं."

क्वेनने सांगितलं. सगळे हसले. थोमबाई इंग्रिडच्या शेजारी उकिडव्या बसल्या. त्यांनी तिचे अंगठे धरून मातीच्या गोळ्यात रुतवले आणि आपले हात काढून घेतले. मिएनने बांबू धरला आणि चाक ढकललं.

आजवरचे पाहुणे मातीशी झोंबी करायचे. गोळा इकडे कलायचा, तिकडे उडायचा. त्या गोंधळात चाक कसं चाललंय याकडे कुणाचं लक्ष जाणार? पण इंग्रिडचे हात वेगळे होते. लोकांच्या उघड्या तोंडात बारीक हत्यारं धरून तिचा जन्म गेला होता. तिने श्वास रोखला आणि बोटं अशी स्थिर धरली की माती मुकाट्याने वर येऊ लागली.

"अगं बाई!" थोमबाई खूश झाल्या. "हिला ठेवून घेऊ या का?"

तेवढ्यात चाक अडखळलं. एकदा, दोनदा, तीनदा. मग नीट चाललं. पुन्हा तीनदा अडखळलं. इंग्रिडची बोटं जागची हलली नव्हती, तरी वाडग्याची भिंत पिळवटली आणि एका अंगाला लवंडली. ती ओशाळून काहीतरी म्हणाली.

"माझंच चुकलं म्हणतायत," क्वेनने सांगितलं.

"तिचं नाही चुकलं," थोमबाई म्हणाल्या.

त्या मिएनच्या पायाकडे बघत होत्या. पाय चाकावर अधांतरी थांबला होता. सवयीने घात केला होता. पाटावर कोण बसलंय हे पायाने पाहिलंच नव्हतं, त्याने आपले रोजचे तीन झटके मोजले होते. थोमबाईंनी मग स्वतःचे हात मांडीवर ठेवले आणि ते बघत राहिल्या. तीन थरथरी, उसंत, तीन थरथरी.

मिएनला वाटलं, आत्ताच्या आत्ता नदीत पाय सोडून बसावं आणि परत येऊ नये.

"आजी, आता सुरई!" क्वेन टाळ्या वाजवत म्हणाली. तिला काय कल्पना.

थोमबाई उठल्या. इंग्रिडला हाताला धरून उठवलं आणि पाटावर बसल्या. मातीचा मोठा गोळा चाकावर आपटला. मग मान वर न करता, फक्त मिएनला ऐकू जाईल असं म्हणाल्या, "सरळ चालव."

"आई..."

"तुला शिकवलं होतं तसं. सरळ."

अजूनही एका पायाने मिएन सासूची अब्रू वाचवू शकत होती. तिने थोमबाईंच्या मानेकडे पाहिलं. केस वर बांधलेले, मानेवर मातीचा सुकलेला शिंतोडा. त्या मानेने एकोणीस वर्षांत तिला कधी खोटं सांगितलं नव्हतं. मिएनने पाय टाकला आणि सरळ चालवला.

पोट छान उठलं. खांदा वळला. मग गळा. थोमबाईंनी दोन्ही हातांनी माती आवळत वर घेतली, आणि पहिली लाट उमटली. मागोमाग दुसरी, तिसरी. मिएनने डोळे मिटून घेतले, पण पाय थांबवला नाही. तिने डोळे उघडले तेव्हा गळा वीतभर झाला होता आणि खालपासून वरपर्यंत त्याच्यावर तीन-तीन वलयं चढली होती. थोमबाईंनी ती पुसली नाहीत. काठ वळवला, दोरा ओढून सुरई चाकापासून सोडवली आणि फळीवर ठेवली.

इंग्रिड पुढे वाकली, गळ्याला न शिवता त्याच्या भोवतीने बोट फिरवत तिने काहीतरी विचारलं.

"विचारतायत, ही नक्षी कशी काढता?"

"सांग तिला," थोमबाई म्हणाल्या, "बाहत्तर वर्षं लागतात."

पाहुणे शिट्ट्या वाजवत होडीकडे गेले. त्यांचा आवाज बांबूच्या बेटापलीकडे विरला तरी दोघी तिथेच होत्या, एक बसलेली, एक उभी.

"कधीपासून?" थोमबाईंनी विचारलं.

"तेत झाल्यापासून."

"सहा महिने! सहा महिने मी गावभर सांगत फिरतेय की माती मला सांभाळते. खुएला सांगितलं, देवळात पूर्वजांपुढे उदबत्ती लावून सांगितलं. आणि ही बया वरून नाचवतेय मला!"

"चुकलं माझं."

"चुकलंच. पायाने हाताच्या पुढे जायचं नसतं."

"मला वाटलं..." मिएन म्हणाली, "आत्याबाईंसारखं तोंड फिरवून बसलेलं मला तुम्हाला बघायचं नव्हतं."

थोमबाईंनी बोटांवरची माती एकेक करून निपटून गोळ्याला लावली. मग गुडघ्यांवर हात टेकून त्या उठल्या.

थोमबाई आपणहून उठल्या होत्या. आता कोपऱ्यात जातील, शेंगांची टोपली ओढतील. तिने वाटेत आडवं व्हायला पाऊलही उचललं.

पण थोमबाई कोपऱ्याकडे वळल्याच नाहीत. त्या चाकाला वळसा घालून आल्या, मिएनच्या हातातला बांबू सोडवून आपल्या हातात घेतला, आणि चप्पल काढून उजवा पाय चाकावर ठेवला.

"बस."

"कुठे?"

"माझ्या डोक्यावर. अगं, पाटावर बस!"

मिएन बसली. एकोणीस वर्षं हा पाट तिने वरून पाहिला होता. खालून सगळं निराळंच दिसत होतं: चाक केवढं मोठं, आणि मातीचा गोळा केवढा जवळ. तिने हात लावला. थोमबाईंनी चाक ढकललं. त्यांचे हात बांबूवर थरथरत होते, पण पाय म्हातारा असला तरी ठाम होता.

पहिलं वाडगं ढासळून बसलं. दुसरं चाकावरून सुटून हातातच राहिलं.

"बघितलंस ना इतकी वर्षं? का झोपा काढल्यास उभ्या उभ्या?"

"वरून सोपं दिसतं हो, आई."

"सोपं असतं तर तुला कशाला दिलं असतं? अंगठा आत. आत गं! दातवाली बाई बरी होती."

मिएन हसली, आणि हसता हसता डोळ्यांतलं पाणी गालावर आलं. हात मातीत होते, पुसायचं कशाने? तिसऱ्या वेळी भिंत उठली. वाकडी होती, पण उठली. मिएनचा अंगठा एका जागी बिचकला, आणि त्याच क्षणी चाक हळू झालं, अंगठा सावरेपर्यंत थांबलं, मग पुन्हा चालू लागलं.

तिने वर पाहिलं.

"खाली बघ," थोमबाई म्हणाल्या. "माझ्या तोंडावर नाही घडवायचं वाडगं."

"आई, तुमचा पाय आत्ता..."

"माझा पाय काय करायचा ते मला कळतं. तू हाताचं बघ."

त्यांना धाप लागली होती. अधूनमधून त्या बांबूला टेकायच्या, दम घ्यायच्या आणि पुन्हा ढकलायच्या. मिएनने दोनदा उठायला पाहिलं, दोनदा त्यांनी पायानेच तिचा गुडघा खाली दाबला.

दुपार कलली तेव्हा लुआन पाहुण्यांना पोचवून परत आला. भुकेला होता. अंगणात पाऊल टाकलं आणि तिथेच उभा राहिला. आई एका पायावर उभी होती, केस सुटलेले. बायको खाली पाटावर, कोपरापर्यंत माती, गालावर मातीचे ओघळ. फळीवर एक लाटालाटांची सुरई, तिच्यापुढे चार वाकडी वाडगी. चूल थंड.

"हे काय चाललंय?" त्याने विचारलं.

"दिसत नाही?" थोमबाई पाय न थांबवता म्हणाल्या. "आम्हाला अजून उशीर आहे. तू भात टाक."

लुआनने आईकडे पाहिलं, मग बायकोकडे. बायकोने मान वर केली नाही. तो तांदूळ धुवायला आत गेला.